चहाचं पाणी, काजळी आणि एव्हा ब्राउन : नाशकात बसून जुना काळ कसा उभा करावा

आमचं ड्रेपरीचं दुकान रविवार कारंजाच्या मागच्या बोळात. सासऱ्यांनी टाकलेलं. डिसेंबर उजाडला की शाळांच्या गॅदरिंगची झुंबड उडते: बारा शिवाजी, सतरा जिजाऊ, कोळणी तर मोजायच्याच नाहीत. बाकीचं वर्षभर मी हौशी नाटकांचं नेपथ्य आणि कपडेपट सांभाळते. अलीकडे शॉर्टफिल्मवाली पोरंही येतात. त्यातली निम्मी एकच विचारतात, "ताई, आर्ट डिरेक्शन शिकायचंय, मुंबईला जावं का?" दरवेळी तेच सांगून घसा बसतो, म्हणून एकदाचं लिहून काढते.

माझी गुरू म्हणाल तर पोलंडची एक बाई, जिला मी जन्मात भेटलेले नाही. एव्हा ब्राउन. नाव शोधायला जाल तर आधी हिटलरची बायको समोर येते. माझ्या भाच्याने तिचाच फोटो पाठवला होता, "मामी, ही तुमची गुरू?" आपली एव्हा वेगळी. तिचा जन्म क्राकोवचा, १९४४ सालचा. म्हणजे दादासाहेब फाळक्यांनी नाशकात डोळे मिटले त्याच वर्षीचा. पोलिश सिनेमात तिने कपडे केले, नेपथ्य केलं, घरं सजवली. मार्च १९९४ मध्ये 'शिंडलर्स लिस्ट'साठी, म्हणजे नाझी काळात ज्यूंना वाचवणाऱ्या शिंडलर नावाच्या जर्मन कारखानदाराच्या सिनेमासाठी, अ‍ॅलन स्टार्स्की आणि एव्हा ब्राउन या दोघांना मिळून कलादिग्दर्शनाचं ऑस्कर मिळालं, तेव्हा ती एकोणपन्नास वर्षांची होती. पंचविशीत 'माझं काही होत नाही' म्हणून रडत येणाऱ्या पोरांना मी हा आकडा सांगते.

दोघांत कामाची वाटणी अशी. स्टार्स्की म्हणजे भिंती, जिने, रस्ते, अख्खी छावणी. ब्राउन म्हणजे त्या भिंतींच्या आतलं सगळं: पलंग, दिवा, टेबलावरचे कागद, खुंटीवरची टोपी. अंगावरचे कपडे तिसऱ्या बाईचे, अ‍ॅना शेपर्ड यांचे. त्याही पोलंडच्याच, आणि ऑस्करचं नामांकन त्यांनाही होतं. आपल्याकडे नाटकात 'प्रॉपर्टी' हे काम सगळ्यात नवख्या पोराच्या गळ्यात मारतात, "तू फक्त कपबशा बघ." तिकडे कपबशा बघणाऱ्या बाईला ऑस्कर मिळतं. हा फरक डोक्यात बसला की पुढचं सोपं जातं.

आधी आवाज बंद करा

तो सिनेमा एकदा नेहमीसारखा बघा, रडून घ्या. मग दुसऱ्यांदा आवाज पूर्ण बंद करून, हातात वही घेऊन बघा. पानावर तीन रकाने पाडा: कोणाची वस्तू, कशाची झीज, कोणी हात लावला.

सुरुवातीलाच शिंडलर तयार होतो ते दृश्य घ्या. तोंड दिसायच्या आधी टाय दिसतात, कफलिंक, घड्याळ, नोटांची जाडी, आणि शेवटी कोटावर टोचलेला नाझी पक्षाचा बिल्ला. एक शब्द न बोलता माणूस कळतो: पैसा थोडा, रुबाब मोठा, बिल्ला कामापुरता. माझ्या वहीत या दीड-दोन मिनिटांना चार पानं गेली. पुढे एक श्रीमंत कुटुंब घरातून हाकललं जातं आणि शिंडलर त्यांच्याच पलंगावर आडवा होतो. खोली तीच, सामान तेच, फक्त ते आता भलत्याच माणसाच्या अंगाखाली आहे. आणि स्टेशनवर प्रवाशांच्या बॅगा उघडून वस्तूंचे ढीग लावतात तिथे तर थांबून थांबून बघा. घड्याळांचा ढीग, फोटोंचा ढीग. ढिगातला प्रत्येक फोटो कोणीतरी शोधून आणलाय, निवडलाय, तिथे टाकलाय. हे ज्याला सुचतं आणि जमतं तो या धंद्यातला.

मग हीच वही घेऊन आपल्या आजीच्या, मावशीच्या घरी जा. पितळी डब्याचं झाकण कुठे चेपलंय? उंबरा कुठल्या बाजूला जास्त झिजलाय? एक महिना हे करा. सॉफ्टवेअर-बिफ्टवेअर नंतर.

जागा खरी की बांधलेली

पोरांना वाटतं, गोष्ट जिथली तिथेच शूटिंग केलं की झालं खरं. 'शिंडलर्स लिस्ट'मधला क्राकोवचा ज्यू घेट्टो, म्हणजे ज्यूंना कोंडून ठेवलेली वस्ती, मुळात होता पोदगुझे भागात. पण तो भाग बदलून गेला होता म्हणून बरंचसं चित्रण नदीपलीकडच्या काझिमिएशमध्ये झालं. प्वाशुवची नाझी छावणी लिबान नावाच्या दगडखाणीत नव्याने बांधली. आउशवित्झ या नाझींच्या मृत्युछावणीच्या आत चित्रण करू दिलं नाही, तर फाटकाच्या बाहेरच्या बाजूला आतल्यासारखा सेट लावला. बघणाऱ्याला वाटतं गाडी आत चालली आहे.

गेल्या वर्षी आम्ही १९४४ सालची शॉर्टफिल्म केली. एका विधवा आत्याची गोष्ट, पंचवीस मिनिटांची. लेखकाने वाडा सराफ बाजारात लिहिला होता. मी त्या पोराला सकाळी सात वाजता सराफ बाजारात नेलं आणि म्हटलं, मान वर कर. काचेच्या शोरूम, लोंबणाऱ्या केबली, एसीची डबडी. वाडा शेवटी पंचवटीत मिळाला, काळारामाच्या अलीकडच्या एका गल्लीत. गोष्टीत तो सराफ बाजारातलाच राहिला आणि कोणाला काही कळलं नाही.

जागा बघायला जाल तेव्हा एवढं करा. आधी वर बघा, मग खाली, मग समोर. वर पत्रा आहे की कौलं, खाली फरशी की शेणाने सारवलेली जमीन. ज्या वेळेला शूटिंग त्याच वेळेला जा, कारण वाड्याच्या चौकात ऊन दोन-अडीच तासच उतरतं. आणि घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाशेजारी अर्धा तास बसा. आमच्या वाड्यातल्या काकूंनी जी माहिती दिली ती कुठल्या पुस्तकात नव्हती: माजघरात पुरुष माणसं खाकरून यायची, म्हणून दाराची कडी आतून फारशी लागायचीच नाही. त्यामुळे कडी चकचकीत नको, गंजकी हवी. आम्ही नवीन पितळी कडी लावून ठेवली होती, ती काढली.

वस्तू

माझी सगळ्यात मोठी फजिती इथली. काही वर्षांपूर्वी एका एकांकिकेत चाळीसच्या दशकातलं स्वयंपाकघर लावलं. चूल, पाटा-वरवंटा, फडताळ, सगळं झकास. पडदा उघडला आणि पहिल्या रांगेतले एक आजोबा शेजारच्याला म्हणाले, मला विंगेत ऐकू आलं, "कालनिर्णय लावलंय बघ." खरंच होतं. भिंत रिकामी दिसत होती म्हणून कोणीतरी जुनं कालनिर्णय टांगलं होतं, आणि ते निघालंच १९७३ साली. तेव्हापासून मी 'नकोची यादी' आधी करते, हवीची नंतर.

१९४४ साठी आमची नकोची यादी अशी होती: स्टीलची भांडी (घरोघरी स्टील आलं ते साठ-सत्तरच्या दशकांत), प्लॅस्टिकची बादली, टेरिकॉट, नायलॉनची दोरी, चिकटपट्टी, बॉलपेन, सरळ खाचेऐवजी फुलीची खाच असलेले स्क्रू. शेवटचं ऐकून पोरं हसतात. हसू द्या, क्लोजअपमध्ये स्क्रू दिसतो.

हवीच्या यादीसाठी नाशकासारखं गाव नाही. तांबट लेनमध्ये जा. जुन्या तांब्या-पितळेच्या भांड्यांवर नाव आणि कधी कधी तारीखही घातलेली असते, 'चि. सौ. कां. अमुक हिस लग्नात भेट' अशी. आयता पुरावा. पण ते नाव तुमच्या गोष्टीतल्या घराचं नसेल तर भांडं फिरवून ठेवा. नाणी लागली तर १९४३ पासूनचे भोकाचे पैसे बघा. ते फार महाग पडत नाहीत, आणि लहान मुलाच्या करगोट्यात ओवलेला एक भोकाचा पैसा दाखवला की साल वेगळं लिहायला लागत नाही. भारतीय नोटा तर तेव्हाही नाशिकरोडच्याच छापखान्यातल्या. पण आजच्या नोटेची झेरॉक्स काढून प्रॉपर्टी करायला जाऊ नका. तो गुन्हा आहे आणि छापखाना गावातच आहे.

जाता जाता एक गंमत. शिंडलरचा कारखाना इनॅमलच्या भांड्यांचा, म्हणजे पत्र्यावर काचेसारखा मुलामा दिलेली भांडी. भाच्याला सांगितलं तर म्हणतो, "म्हणजे जर्मनची भांडी!" नाही रे बाबा. आपण ज्याला जर्मन म्हणतो ते अ‍ॅल्युमिनियम. इनॅमल म्हणजे आपले ते पांढरे टमरेल, निळ्या काठाचे, टवका उडाला की आतून काळे दिसणारे. हा टवका नीट बघा. तो कधीही भांड्याच्या मधोमध नसतो. काठाला असतो, कानाजवळ असतो, बुडाला असतो, जिथे भांडं आपटतं तिथेच. पोरं जुनं दाखवायला सगळीकडे सारखा काळा रंग फासतात आणि भांडं जुनं न दिसता गलिच्छ दिसतं.

मला सांगायचंय ते एवढंच आहे खरं तर. वस्तू जुनी असून भागत नाही, कोणीतरी वापरलेली हवी. आणि ते कोणीतरी म्हणजे तुमच्या गोष्टीतलंच माणूस हवं.

तेलकट डाग

हे जरा सविस्तर सांगते, कारण याला वेळ गेला आणि यातच मजा आली.

जुन्या घरात पडवीत भिंतीला टेकून बसायची जागा ठरलेली असते. तिथे डोक्याच्या तेलाचा डाग पडतो, तळहाताएवढा, कडेला फिकट होत जाणारा. आत्याच्या घरात तो हवाच. मी नटीला भिंतीला टेकून बसवलं, खडूने खूण केली. मग मनात आलं, आत्याचे वडील गेले त्याला गोष्टीत सहा वर्षं झाली आहेत. तेही इथेच बसत असणार. ते उंच होते असं संवादात आहे. म्हणून आत्याच्या डागाच्या उजवीकडे, चार बोटं वर, दुसरा डाग. त्या डागाखाली कोणी बसत नाही. तिथे फक्त पानसुपारीचं तबक आणि अडकित्ता ठेवला.

दिग्दर्शकाला मी काही सांगितलं नव्हतं. तालमीच्या दिवशी तो बघत उभा राहिला आणि म्हणाला, "ताई, हा दुसरा कोणाचा?" मी सांगितलं. मग त्याने आत्या पानसुपारीचं तबक उचलून दुसरीकडे ठेवते असा एक शॉट घातला. गोष्टीत नव्हता.

आता कृती. स्वतःचा फ्लॅट असेल, म्हणजे लाकडी चौकटीवर कापड ताणून केलेली भिंत, तर तपकिरी रंग भरपूर पाण्यात पातळ करून ओल्या फडक्याने गोल गोल टिपा. वाळू द्या, मधोमध परत टिपा. असं तीनदा. शेवटी फेविकॉल पाण्यात पातळ करून फक्त मधल्या भागावर एक हात, म्हणजे तेलाची चमक येते. चमक कडेला गेली की बिघडलं. भिंत दुसऱ्याच्या वाड्याची असेल तर ओलं काहीही लावायचं नाही, खरं तेल तर मुळीच नाही, ते आयुष्यात निघत नाही. तिथे काजळी आणि मुलतानी माती कोरडीच मिसळून पावडरच्या पफने दाबायची. चमक येत नाही, पण कॅमेऱ्याला चालून जातं, आणि नंतर मऊ ब्रशने झाडली की भिंत मोकळी.

देवळीच्या वरची काजळीही तशीच. पणतीची काजळी सरळ वर चढत नाही, ज्या बाजूने वारा येतो त्याच्या उलट कलते. आधी खिडकी कुठे ते बघा, मग काजळी.

कपडे कुठून आणायचे

अ‍ॅना शेपर्ड यांच्यापुढे हजारो एक्स्ट्रांना कपडे घालायचं काम होतं. त्यांनी जुन्या कपड्यांसाठी जाहिराती दिल्या. पोलंडमध्ये तेव्हा पैशांची ओढाताण होती, लोकांनी तीस-चाळीसच्या दशकांतले घरातले कपडे आणून विकले. हे वाचलं तेव्हा मला हसू आलं. आपल्याकडे जाहिरात कशाला द्यायची, बोहारीण आहे की!

आमच्या गल्लीत येणाऱ्या मावशींना मी सांगून ठेवलंय: जुनं सुती धोतर, नऊवारी, बंडी, लोकरी कोट, काळी टोपी असं काही आलं की आधी माझ्याकडे. त्यांनी ज्या पातेल्यावर घेतलं त्याच्या दीडपट पैसे रोख. त्या फाटकंच आधी दाखवतात, कारण त्यांना कळलंय की मला फाटकंच आवडतं. एकदा भरजरी शालू बाजूला सारून मी ठिगळाची बंडी उचलली तर म्हणाल्या, "बाई, तुमची कीव येती मला." तरी ठिगळ हातशिलाईचं होतं, आणि १९४४ म्हणजे युद्धाचा, कापडटंचाईचा काळ. त्या काळातलं ठिगळ पैसे देऊन शिवून मिळत नाही.

घेताना शिवणीतला एक धागा काढून काडी लावा. सुती धागा कागदासारखा जळतो, राख चुरगळते. आकसून टोकाला कडक मणी झाला तर त्यात टेरिलीन आहे, परत करा. धागा चिमट्यात धरा, बोटांत नको. मी बोटांतच धरते, म्हणून सांगते.

धोतराला चहा

कोरं पांढरंशुभ्र कापड कॅमेऱ्याला खुपतं, दिव्यात पेटल्यासारखं दिसतं. सिनेमावाले पांढरं वापरतात ते खरं म्हणजे जरा मळखाऊच असतं. त्यासाठी चहा.

कोरं धोतर असेल तर आधी दोनदा गरम पाण्याने धुऊन खळ काढा. नाहीतर चहा ठिपक्याठिपक्याने बसतो. पाच लिटर पाण्याला सहा-सात मोठे चमचे साधी चहापूड, दहा मिनिटं उकळा, गाळा. नीट गाळा. मूठभर मीठ घाला. धोतर ओलं करून, पिळून, मग त्यात बुडवा आणि पंधरा मिनिटं लाकडी उलथण्याने हलवत राहा. हलवायचा कंटाळा केला तर घड्यांचे पट्टे पडतात. बाहेर काढल्यावर वाटेल, फारच गडद झालं. घाबरू नका, वाळल्यावर रंग दोन छटा उतरतो. पण तिसरी छटा उतरेल या आशेवर जास्त उकळू नका. माझी एक अख्खी वारकरी दिंडी बिस्किटाच्या रंगाची झाली होती.

इथे थांबलात तर धोतर 'चहात बुडवलेलं' दिसेल, नेसलेलं नाही. म्हणून ते नटाला नेसवा, तासभर मांडी घालून बसवा, तसंच काढून चुण्यांसकट उन्हात वाळवा. मग गुडघ्याच्या जागी आणि मागे बसायच्या जागी मुलतानी माती चोळा, सोग्याच्या टोकाला थोडा गेरू. घोट्याशी चिखलाची रेघ हवी असेल तर ती दोन्ही पायांना सारखी नको. प्रत्येकाचा एक पाय जास्त फरफटतो, तुमच्या नटाचा कुठला ते त्याला चालायला लावून बघा.

कोटाची तऱ्हा वेगळी. खिशांत वाळूच्या पुरचुंड्या घाला, कोटावर पाणी शिंपडा आणि दोन रात्री हँगरला टांगून ठेवा. खिसे लोंबतात, खांदे उतरतात. कोपर, बाह्यांची टोकं, खिशाचं तोंड आणि कॉलरची घडी यांवर एकशेवीस नंबरचा पॉलिश पेपर हलक्या हाताने फिरवा. कोपरावर मेणबत्ती घासून इस्त्रीचा जेमतेम हात दिला की झिजलेल्या लोकरीची ती चिकट चमक येते. कोट कारकुनाचा असेल तर उजवी बाही टेबलावर घासलेली. सोनाराचा असेल तर छातीजवळ दिव्याची काजळी. आणि कोट भाड्याचा किंवा कोणाच्या आजोबांचा असेल तर पॉलिश पेपर हातातसुद्धा घ्यायचा नाही. फक्त झटकून निघेल असं: मुलतानी माती, पावडर, संपलं.

काळं-पांढरं

आमच्या दिग्दर्शकाला फिल्म कृष्णधवल हवी होती. आत्या आलवणात, म्हणजे लालसर जाडंभरडं कापड, डोक्यावरून पदर. भावजय हिरव्या लुगड्यात. डोळ्याला दोघींत जमीन-अस्मानाचा फरक, आणि गोष्टीचा सगळा जीव त्याच फरकात. मी मोबाईल रंगहीन करून फोटो काढला आणि पोटात गोळा आला: दोघी एकाच राखाडी रंगात! लाल आणि गडद हिरवा काळ्या-पांढऱ्यात बहिणी-बहिणी होतात. विधवा कोण, सवाष्ण कोण, काही कळेना.

'शिंडलर्स लिस्ट'मध्येही हाच पेच पदोपदी असणार. सुरुवातीचा आणि शेवटचा थोडा भाग सोडला तर तिथे रंग नव्हेच, फक्त उजेड, अंधार आणि कापडाचा पोत. एका लहान मुलीचा लाल कोट मात्र रंगात ठेवला आहे. तो लाल राहिला म्हणूनच दिसतो, राखाडी असता तर गर्दीत विरघळला असता.

आम्ही भावजयीचं लुगडं बदलून पोपटी घेतलं, रुंद काठाचं, रेशमी. ते उजेड परत फेकतं. आलवण सुती आणि बिनकाठाचं, ते उजेड गिळतं. पाठीमागची आमची फ्लॅटची भिंत आधी गेरूची केली होती, तीही आलवणात मिसळत होती, म्हणून माझ्या डागांसकट परत चुन्याची केली. दीड दिवस गेला. तेव्हा कपडे आणि भिंती ठरवणारी माणसं पहिल्या दिवसापासून एकत्र बसवा, आणि रंग ठरवायच्या आधी प्रत्येक कापडाचा तुकडा भिंतीला टेकवून मोबाईलवर रंगहीन फोटो काढा. मुळात ही दोन कामं एकाच डोक्यात असली तर भांडण निम्म्यावर येतं. एव्हा ब्राउनने दोन्ही केली, मला त्याचं अप्रूप वाटतं ते यामुळे.

शिकायचं कुठे, पैसे किती

रीतसर शिकायचं तर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शनाचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. चित्रकला, उपयोजित कला, आर्किटेक्चर, इंटिरिअर असं काही शिकून झालेल्यांसाठी तो असतो. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात नेपथ्य-वेशभूषा शिकवतात. स्टार्स्की वॉर्साच्या ललितकला अकादमीत शिकले. वडील पटकथा लिहायचे, म्हणजे घरात सिनेमा होता. तरी पोलंडचे दिग्दर्शक आंद्रे वायदा यांच्याबरोबर वर्षानुवर्षं काम केल्यावर मग हॉलिवूड. आपल्या भानू अथय्या कोल्हापूरच्या. मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात शिकल्या, मासिकात फॅशनची रेखाटनं काढत सुरुवात केली, आणि 'गांधी'च्या कपड्यांसाठी १९८३ मध्ये भारताला पहिलं ऑस्कर आणलं, जॉन मोलो यांच्यासोबत. योगायोग बघा, त्याच कोल्हापूरजवळ वळिवड्याला १९४३ ते ४८ पोलंडचे सुमारे पाच हजार निर्वासित राहत होते.

पुण्या-दिल्लीला जाणं जमत नसेल तर राज्य नाट्य स्पर्धेत उतरणारा एखादा संघ पकडा. कालिदास कलामंदिरात किंवा साईखेडकर नाट्यगृहात प्रयोग असेल तेव्हा विंगेत उभं राहून सामान मोजा. तीन-चार नाटकं झाली की दोन शॉर्टफिल्म करा. मग मुंबईहून इगतपुरीकडे, त्र्यंबककडे शूटिंगला येणाऱ्या युनिटमध्ये आर्ट असिस्टंट म्हणून शिरा. पहिल्या कामापासून फोटोंची फाईल ठेवा: सेट लावायच्या आधी, लावल्यावर, आणि कॅमेऱ्यातून. तिसरा फोटो सगळे विसरतात, आणि काम देणारा तोच मागतो.

पैशांचं एकच सांगते. सामानाचे पैसे वेगळे, तुमच्या हाताचे वेगळे, आणि अर्धे आधी. एका मुंबईच्या निर्मात्याने मला सामानाच्या बिलातच मेहनताना धरायला लावला. सामानाला जास्त लागले, मेहनतान्याला शून्य उरलं. श्रेयनामावलीत नाव तेवढं आलं, तेही चुकीच्या स्पेलिंगने.

परत द्यायचा दिवस

हा दिवस वेळापत्रकात आधीच धरा. आम्ही प्रत्येक उसन्या वस्तूचा दोन बाजूंनी फोटो काढतो, बुडाला कागदी चिठ्ठी लावतो आणि वहीत मालकाची सही घेतो. तांब्या-पितळेची भांडी चिंच लावून घासून, कल्हई उडाली असेल तर करून द्यायची. कपडे धुऊन, पण चहाचा रंग तसाच ठेवून दुकानात वेगळ्या ट्रंकेत. त्या ट्रंकेवर मी '१९४४' असं लिहिलंय, पुढच्या वेळी परत चहा उकळायला नको.

त्या फिल्मच्या वेळी वहीत एकशे बारा वस्तू होत्या, एकशे अकरा परत गेल्या. पानसुपारीचा अडकित्ता अजून सापडलेला नाही. वाड्यातल्या काकू भाजी बाजारात भेटतात तेव्हा "बरी आहेस का" नंतर विचारतात, आधी अडकित्ता.